प्रश्न तुमचे: बातमीसारखी गोष्ट लिहिणारा जर्मन लेखक

मागच्या अंकात जुन्या जर्मन टीव्हीवर दोन परिच्छेद लिहिले होते, त्यात वोल्फगांग मेंगे या पटकथालेखकाचं नाव ओझरतं आलं आणि त्यावरच सगळ्यात जास्त पत्रं आली. म्हणून या वेळचं सदर बहुतेक त्याच्यावरच. पत्रं थोडी कापलीत, कोणाची नावं छापत नाहीये.

पुण्याहून: ताई, मी जर्मन शिकतेय, बी वन लेव्हल. आमचे सर म्हणाले की जर्मनीत ३१ डिसेंबरला दरवर्षी त्याच दोन जुन्या कॉमेड्या लावतात, एक ती इंग्लिश बटलरवाली आणि दुसरी एका खडूस बाप्याची. दुसरी शोधून बघितली. निम्मी कळली नाही, पण तो माणूस बायकोला, जावयाला, सरकारला, सगळ्यांना इतकं घाण बोलतो की मला कळेना लोक हसतायत कशाला. हे लिहिलंय तरी का?

तो खडूस बाप्या म्हणजे आल्फ्रेड टेट्सलाफ, आणि लिहिणारा मेंगेच. मालिका 'आइन हेर्ट्स उंड आइने झेले', नाव एकदम प्रेमळ, घर अजिबात नाही. पश्चिम जर्मनीच्या रुर या औद्योगिक भागातलं साधं कामगारवस्तीतलं घर, नवरा, बायको एल्झे, मुलगी रीटा आणि जावई मिखाएल, बस एवढीच माणसं. १९७३ च्या जानेवारीत डब्ल्यूडीआर या कोलोनच्या सरकारी, म्हणजे खरंतर लायसन्स फीवर चालणाऱ्या चॅनेलवर ब्लॅक अँड व्हाइटमध्ये सुरू झाली, त्याच वर्षी ३१ डिसेंबरला पूर्ण देशात रंगीत दिसायला लागली आणि तो पहिला रंगीत भाग न्यू इयरच्या रात्रीचाच होता म्हणून तो आजही त्या दिवशी लागतो. मूळ कल्पना ब्रिटिश, जॉनी स्पाइटच्या बीबीसीवरच्या 'टिल डेथ अस डू पार्ट'ची, त्याच मालिकेवरून अमेरिकेत 'ऑल इन द फॅमिली' झाली. पण मेंगेने नुसतं भाषांतर करून हात झटकले नाहीत, त्याने ती पूर्णपणे पश्चिम जर्मनीत आणून बसवली. आल्फ्रेडला तेव्हाचा चान्सलर विली ब्रांट याचं सरकार म्हणजे देशद्रोह वाटतो, जावई त्याच ब्रांटच्या पक्षाचा आणि वर मूळचा पूर्व जर्मनीतला, म्हणजे जेवणाच्या टेबलावर रोज निवडणूक. एका भागात जावयाचे आईवडील पूर्वेकडून भेटायला येतात, तो नक्की बघा, आल्फ्रेडची सगळी मतं त्यांच्यासमोर उघडी पडतात आणि तरी त्याचा आवाज कमी होत नाही.

भाग प्रेक्षक बसवून, प्रसारणाच्या अगदी जवळ रेकॉर्ड व्हायचे, त्यामुळे त्या आठवड्यातलं ताजं राजकारण त्यात घुसवता यायचं. हाइन्स शूबर्ट या नटाने आल्फ्रेड केला, बुटका, केस एका बाजूला चापून बसवलेले, ओठावर ती तशी मिशी. कोणाची आठवण यावी हे सांगायला नको.

लोक हसतायत कशाला हा तुमचा प्रश्न तेव्हाही विचारला गेला. मेंगेला हसू आल्फ्रेडवर हवं होतं, पण बरेच जण आल्फ्रेडसोबत हसत होते, कोणीतरी शेवटी खरं बोललं म्हणून खूष होत होते. माझं मत विचाराल तर ही त्या मालिकेची खोट नाही, उलट त्यामुळेच ती अजून जिवंत आहे. नुसता मूर्ख दाखवला असता तर सहा महिन्यात लोक विसरले असते, पण आल्फ्रेड मूर्ख असून वाद जिंकतो, कारण तो थांबतच नाही. आपल्या फॅमिली ग्रुपवरचे काका आठवा.

मुंबईहून: मी मालिकांचे संवाद लिहितो. रोजचा एपिसोड, रात्री दोनला मेल, सकाळी सेटवर बदल. क्रेडिटमध्ये नाव येतं ते इतक्या स्पीडने जातं की माझ्या आईलाही वाचता येत नाही. हा मेंगे नुसता लेखक असून फेमस कसा काय झाला? सुरुवात कुठे केली?

पत्रकारितेत. १० एप्रिल १९२४ ला बर्लिनमध्ये जन्म, आई ज्यू, म्हणजे नाझी काळात ते घर कसं राहिलं असेल त्याचा अंदाज तुम्हीच करा. युद्धानंतर हॅम्बुर्गला पेपरात, मग रेडिओवर, आणि पन्नाशीच्या दशकात 'डी वेल्ट' या दैनिकाचा पूर्व आशियातला बातमीदार, टोकियो आणि हाँगकाँग. तिथून परत आल्यावर टीव्हीकडे वळला (आणि येताना चायनीज स्वयंपाकही शिकून आला, पुढे त्यावर पुस्तक लिहिलं!).

टीव्हीवरचं पहिलं मोठं काम 'श्टालनेट्स', १९५८ ते १९६८, एकूण २२ भाग, दिग्दर्शक युर्गन रोलांड. अमेरिकेतल्या 'ड्रॅगनेट'वरून घेतलेली कल्पना, खऱ्या पोलीस केसेस, नावं बदललेली. बहुतेक भाग मेंगेचे. आता यात तुमच्यासाठी काय आहे ते सांगते. त्याने गुन्हा कसा सुटला याच्या कंटाळवाण्या भागातच मजा शोधली, म्हणजे फाइल कोणाकडे गेली, कोणता साक्षीदार आधी खोटं बोलला, कुठल्या चौकशीत चार दिवस फुकट गेले. बातमीदाराला हे माहीत असतं, घरात बसून लिहिणाऱ्याला नसतं. त्याच काळात पैशासाठी सिनेमेही केले, एडगर वॉलेसच्या रहस्यकथांवर तेव्हा जर्मनीत धडाधड सिनेमे निघत होते, त्यातले १९६० आणि ६१ चे दोन त्याने लिहिलेत. १९६४ ला रोलांडसोबतच हॅम्बुर्गच्या डाविड्सवाखे पोलीस चौकीवरचा सिनेमा केला, ती चौकी रेपरबानच्या नाक्यावर अजून आहे. मग 'टाटोर्ट' ही गुन्हेकथांची मालिका सुरू झाल्यावर त्यासाठी १९७१ मध्ये क्रेसिन नावाचा कस्टम्सवाला उभा केला, पोलीसच नाही, बायकांच्या मागे लागणारा, साहेबाचं न ऐकणारा, त्या काळच्या जर्मन टीव्हीवर असा हिरो म्हणजे जरा जास्तच होतं.

फेमस का झाला याचं खरं उत्तर मात्र थोडं बोअर आहे, ते म्हणजे व्यवस्था. तेव्हा तिथे दोनच मोठी चॅनेल्स आणि प्रत्येक राज्याचं तिसरं, म्हणजे रात्री सव्वाआठला जे लागेल ते अर्धा देश बघणार. आणि डब्ल्यूडीआरच्या नाट्यविभागाचा प्रमुख होता ग्युंटर रोरबाख, हाच पुढे 'दास बूट' या गाजलेल्या पाणबुडीवरच्या सिनेमाचा निर्माता. त्याच्या विभागात टीव्हीचं नाटक हा लेखकाचा माल समजत. आधी लेखक ठरायचा, विषय ठरायचा, बाकीचे नंतर. टीआरपी बघून नायिकेला कोमात टाका असं सांगणारं कोणी नव्हतं. शिवाय मेंगे स्वतः कॅमेऱ्यासमोर यायचा, रेडिओ ब्रेमेनचा 'द्राय नाख नॉइन' हा टॉक शो १९७४ ला सुरू झाला त्याच्या पहिल्या सूत्रधारांपैकी तो एक, तुळतुळीत टक्कल, बोलणं तिरकस. त्यामुळे चेहरा ओळखीचा झाला. तुम्हाला टॉक शो मिळवून देणं काही माझ्या हातात नाही, पण पोलीस स्टेशनात किंवा कोर्टात जाऊन बसायला कोणाची परवानगी लागत नाही एवढं सांगते, निदान कोर्टात तरी.

नाशिकहून: टीव्हीवर माणसाची शिकार दाखवणारा गेम शो आणि लोकांना तो खरा वाटला, असा काहीतरी किस्सा तुम्ही एका ओळीत लिहून सोडून दिलात. असं अर्धवट सोडायचं नसतं!

बरं बरं, पूर्ण सांगते. 'दास मिलिओनेनश्पील', १८ ऑक्टोबर १९७०, एआरडी या देशभर दिसणाऱ्या पहिल्या चॅनेलवर. अमेरिकन लेखक रॉबर्ट शेकली याच्या एका कथेवरून मेंगेने लिहिलं आणि टॉम टोएले याने केलं. गोष्ट अशी: एका खाजगी चॅनेलचा शो आहे, स्पर्धकाने सात दिवस जिवंत राहायचं, त्याला मारायला तीन जणांची टोळी सोडलेली, वाचला तर दहा लाख मार्क आणि मेला तर टोळीला पैसे. आपण बघतोय तो सातवा दिवस, लाइव्ह. मधे मधे जाहिराती, स्टुडिओत नाचगाणं, रस्त्यावरच्या लोकांच्या मुलाखती, स्पर्धकाच्या आईला स्टेजवर आणून बसवलंय.

त्यात गंमत अशी केली की शोचा सूत्रधार म्हणून नट घेतलाच नाही, डीटर थोमास हेक घेतला, जो खरोखरच तेव्हा जर्मनीतला गाण्यांच्या शोचा लाडका सूत्रधार होता. आज एखाद्या रिअॅलिटी शोचा आपल्या ओळखीचा होस्ट तस्साच हसत हसत 'आता बघूया आपला स्पर्धक गोळी चुकवतोय का' म्हणाला तर तुम्हाला काय वाटेल, तसं. आणि टोळीचा म्होरक्या कोण, तर डीटर हालरफोर्डन! ऐंशीच्या दशकात दूरदर्शन बघितलेल्यांनो, हा तोच 'डीडीज कॉमेडी शो'वाला डीडी, धडपडणारा, तोंडं वेडीवाकडी करणारा. इथे तो थंड डोक्याने माणूस मारायला निघालाय आणि अजिबात हसू येत नाही.

प्रसारणानंतर चॅनेलकडे फोन आणि पत्रं आली. काही भडकलेले होते की असला शो चालूच कसा देता, ते ठीक आहे. पण काही जणांनी स्पर्धक म्हणून अर्ज केले, आणि काहींनी शिकार करणाऱ्यांमध्ये घ्या म्हणून. मला सगळ्यात हादरवणारी गोष्ट ही वाटते, आणि लक्षात घ्या, तेव्हा जर्मनीत खाजगी टीव्हीच नव्हता, तो आला १९८४ मध्ये. म्हणजे मेंगेने जाहिरातींवर चालणारा टीव्ही कसा दिसेल, सूत्रधार कसं बोलेल, आईचे अश्रू कधी दाखवतील हे सगळं चौदा वर्षं आधी लिहून ठेवलं होतं. पुढे मूळ कथेच्या हक्कांचा घोळ निघाला, कोर्टबाजी झाली आणि फिल्म कपाटात गेली ती थेट २००२ ला परत टीव्हीवर आली.

चंद्रपूरहून: आमच्याकडे हवा कशी असते ते तुम्हाला माहीत असेलच, थर्मल पॉवर, कोळशाच्या खाणी, सिमेंट. तुम्ही 'स्मॉग' नावाच्या फिल्मचा उल्लेख केलात. ती कशावर आहे? डॉक्युमेंटरी आहे का?

डॉक्युमेंटरी नाही, पण दिसते तशीच, आणि हाच तर सगळा खेळ आहे. १५ एप्रिल १९७३ ला दाखवली. दिग्दर्शक वोल्फगांग पेटरसन, तेव्हा तिशीतला, ज्याने नंतर 'दास बूट' केला आणि मग हॉलिवूडला गेला. रुर म्हणजे जर्मनीचा कोळसा आणि पोलादाचा पट्टा, ड्युइसबुर्ग, एसेन, बोखुम, डॉर्टमुंड हे सगळं तिकडेच. फिल्ममध्ये काय होतं तर थंडीत वारा पडतो, खाली गार हवा आणि वर गरम हवेचा थर, त्यामुळे चिमण्यांचा धूर वर जाईना, आणि हे एक दिवस नाही, लागोपाठ दिवस तसंच. आधी रेडिओवर सूचना, मग गाड्या बंद, मग कारखाने बंद करायचे की नाही यावर बैठका, मालक म्हणतात भट्टी विझवली तर नुकसान किती ते माहितीये का, अधिकारी म्हणतात नियमात बसत नाही, आणि एका घरात लहान मूल आजारी पडतं.

मेंगेने ते बातम्यांच्या प्रसारणासारखं लिहिलं, स्टुडिओ, रिपोर्टर, तज्ज्ञाची मुलाखत, मंत्र्याचं गुळमुळीत निवेदन. तिथल्या उद्योगवाल्यांनी आणि नगरपालिकांनी आधीच आरडाओरडा केला होता की आमची बदनामी होणार. हे काल्पनिक आहे असं सांगूनही काही प्रेक्षक घाबरले आणि चॅनेलला फोन करत राहिले.

विषय हवेतून आलेला नव्हता बरं का. १९६१ लाच विली ब्रांटने प्रचारात म्हटलं होतं की रुरवरचं आकाश पुन्हा निळं झालं पाहिजे, लोक तेव्हा हसले, आणि पुढच्याच वर्षी डिसेंबरमध्ये तिथे खरोखर स्मॉगने माणसं दगावली. मेंगेच्या फिल्मनंतर सहा वर्षांनी, जानेवारी १९७९ मध्ये, रुरच्या पश्चिम भागात जर्मनीतला पहिला अधिकृत स्मॉग अलार्म वाजला आणि १९८५ च्या जानेवारीत सगळ्यात वरची, तिसरी पायरी जाहीर झाली, गाड्या बंद, कारखाने थंड. म्हणजे फिल्ममधलं जवळजवळ सगळं. तुमच्याकडे कोणी दाखवायची ठरवली तर सबटायटल्सचं बघावं लागेल, पण बैठकांचे सीन बिनसबटायटल्सचेही कळतील याची खात्री देते.

कोल्हापूरहून: दूरदर्शनवर 'द ओल्ड फॉक्स' लागायची, म्हातारा डिटेक्टिव्ह, शांत, बारीक डोळ्यांचा. घरात आम्ही सगळे बसून बघायचो. ती पण मेंगेचीच का?

नाही हो. 'द ओल्ड फॉक्स' म्हणजे 'देर आल्टे', झेडडीएफ या दुसऱ्या चॅनेलची, १९७७ ला सुरू झाली, तुम्हाला आठवतोय तो नट झिगफ्रीड लोवित्स. ती अनेकांनी मिळून लिहिलीय, निर्माता हेल्मुट रिंगेलमान. याच निर्मात्याची 'डेरिक' मात्र एकट्या माणसाने लिहिली, हर्बर्ट राइनेकर, १९७४ ते १९९८, सगळेच्या सगळे २८१ भाग! त्याआधी 'देर कोमिसार'चे ९७ भागही त्यानेच. आकडा बघून मुंबईच्या आपल्या संवादलेखकाला दोन वेळा पाणी प्यावं लागेल.

राइनेकर आणि मेंगे शेजारी शेजारी ठेवून बघा. राइनेकर तरुणपणी हिटलर यूथच्या नियतकालिकांत, मग वाफेन एसएस या नाझींच्या सशस्त्र दलाचा युद्धवार्ताहर, १९४४ ला नाझींसाठी 'युंगे आडलर' ही तरुण पोरांवरची फिल्म लिहिलेली. युद्धानंतर तो शांतपणे सिनेमात शिरला, १९५४ च्या 'कानारिस'च्या पटकथेला बक्षीसही मिळालं. त्याच्या गुन्हेकथांमध्ये अपराधीपणा असतो खूप, श्रीमंत व्हिला, पडलेले चेहरे, डेरिकचं उपदेशाचं बोलणं, पण देशाचा इतिहास कुठे दिसत नाही, सगळं माणसाच्या मनातलं. मला डेरिक आवडते, खोटं कशाला बोलू, पण एकदम दहा भाग बघितले की गुदमरायला होतं. आणि डेरिक करणारा होर्स्ट टापर्ट हाही वाफेन एसएसमध्ये होता हे २०१३ ला बाहेर आलं, तेव्हा झेडडीएफने जुने भाग परत दाखवणं थांबवलं.

बेळगावहून: जर्मन पटकथालेखक आणि आपला मराठी माणूस असा काही धागा आहे का हो? आमच्याकडे आजोबा काहीतरी सांगायचे.

आजोबा बरोबर होते, आणि धागा तुमच्याच गावाजवळचा आहे. सिनेमा दिग्दर्शक फ्रिट्स लांगची बायको थिआ फॉन हार्बू, 'मेट्रोपोलिस' आणि 'एम' लिहिणारी, टीव्हीच्या कितीतरी आधीची. तिचं आणि लांगचं मोडलं आणि बेळगुंदीचे आयी तेंडुलकर, तेव्हा बर्लिनमध्ये असलेले पत्रकार, त्यांच्याशी तिने गुपचूप लग्न केलं. युद्धाच्या तोंडावर तेंडुलकर भारतात परतले, ती तिकडेच राहिली, नाझी पक्षातही होती, १९५४ ला वारली. इथे तेंडुलकरांनी पुढे इंदुमती गुणाजींशी लग्न केलं, त्यात गांधीजींनी घातलेल्या अटींचा वेगळाच किस्सा आहे. त्यांच्या मुलीने या सगळ्यावर इंग्रजीत पुस्तक लिहिलंय. यावर स्वतंत्र सदर करायला हवं, इथे जागा पुरणार नाही.

ठाण्याहून: बर्लिनची भिंत पडल्यावर मेंगेने काय केलं? की तोवर रिटायर?

कसला रिटायर होतोय. पूर्व आणि पश्चिम हा त्याचा जुना विषय, १९६९ लाच त्याने 'डी डुब्रो क्रिझे' लिहिली होती, सीमेवरचं एक पूर्व जर्मन गाव अचानक पश्चिमेत येतं आणि दोन्हीकडच्या लोकांची तंतरते, भिंत पडायच्या वीस वर्षं आधी! घरातही विषय होताच, त्याची बायको मार्लिस मेंगे 'डी त्साइट' साप्ताहिकाची पूर्व जर्मनीतली बातमीदार होती, त्यामुळे ऐकीव माहितीवर चालायची वेळच नाही. १९९१ ला फ्रांक बायर या पूर्वेच्याच दिग्दर्शकासोबत जर्मन अणुशास्त्रज्ञांवर 'एंडे देर उनशुल्ड' केली, हिटलरसाठी बॉम्ब बनवायला बसलेले ते लोक. जरा लांब आहे, पण धीर धरून बघा.

आणि मग १९९३ मध्ये 'मोत्स्की', १३ भाग. बर्लिनच्या वेडिंग भागातला लवकर रिटायर झालेला ड्रायव्हिंग मास्तर, बायको वारलेली, घर सांभाळायला पूर्वेकडची मेहुणी एडिट येते, आणि हा दिवसभर पूर्वेकडच्यांना शिव्या देतो, आमच्या पैशावर जगता, काम करत नाही वगैरे. आल्फ्रेडचाच चुलतभाऊ, पण जास्त कडू. एकीकरणाला तीन वर्षंही झाली नव्हती, सगळे जखमी होते, त्यामुळे गदारोळ असा उठला की राजकारणी मालिका बंद करा म्हणायला लागले आणि पूर्वेच्या चॅनेलने उत्तर म्हणून 'डी ट्रोट्स्कीज' नावाची मालिकाच काढली. बघताना मजा ही आहे की मोत्स्की बडबडतो पण प्रत्येक वेळी शहाणं बोलते ती एडिट, युटा होफमान या पूर्व जर्मनीतल्या मोठ्या नटीने केलेली, आणि मोत्स्की करणारा युर्गन होल्ट्स हाही पूर्वेच्याच रंगभूमीवरचा. पूर्वेला शिव्या देणारा पश्चिमवाला पूर्वेच्या नटाकडून करून घेतला हे भडकलेल्यांपैकी किती जणांच्या लक्षात आलं असेल देव जाणे.

मेंगे १७ ऑक्टोबर २०१२ ला बर्लिनमध्ये गेला, ८८ व्या वर्षी. सुरुवात कुठून करू असं तीन पत्रांत विचारलंय, तर जर्मन येत असेल तर आल्फ्रेडपासून, येत नसेल तर 'दास मिलिओनेनश्पील'पासून, त्यात पळापळच इतकी आहे की भाषेवाचून फारसं अडत नाही. पुढच्या वेळी बेळगावच्या आजोबांचा किस्सा नीट घेऊ, कोणाकडे तेंडुलकरांबद्दल जुनी कात्रणं असतील तर पाठवा.